कण्या

काओलाकच्या बाजारात तांदळाचे आजही दोन ढीग असतात,
अख्खा आणि मोडका. मोडका आधी संपतो.
तेनिंग न्दोंग, माझी आई, अख्ख्याला हात लावत नाही.
"तो रस्सा पीत नाही," म्हणते,
"पाहुण्यासारखा वर वर बसून राहतो."
माशाच्या कालवणात कणीच हवी.
ती भिजते, फुगते, घरची होते.

घरची?
लातीरमामाने एकदा सांगितलं होतं,
दात कोरत, जणू दुसऱ्याच गावची गोष्ट:
आपल्या घरचं धान्य बाजरी.
पहाटे मुसळं वाजली की गावाला जाग यायची.
मग डोईपट्टी आली, माणशी इतके फ्रँक,
आणि फ्रँक काही कणसाला लागत नाहीत.
ते भुईमुगाच्या मुळाशी लागतात,
असं खाकी टोपीवाल्याने दुभाष्याकरवी सांगितलं.
बियाणंही दिलं. उसनं.
पोत्याला सव्वा पोतं परत.

शेंग गेली आगगाडीने बंदरावर, तिथून बोर्दोच्या घाण्यांत.
आणि बाजरीच्या रानात बाजरी उरली नाही म्हणून
सायगावहून बोट आली.
तिथेही हाच झेंडा होता.
अख्खा दाणा चाळणीवर राहायचा, त्याला गिऱ्हाईक वेगळं,
खाली सांडायचं ते आमच्याकडे.
मला कधी कधी ती बाई दिसते,
कुठल्याशा नदीकाठी सूप पाखडणारी,
पाठीला पोर बांधलेली.
तिला काय ठाऊक,
तिच्या सुपातून गळतंय ते माझ्या आजोळचं जेवण आहे.

मामा काट्यावर कामाला होता.
स्वातंत्र्याच्या रात्री तो रडला, आनंदाने,
सकाळी काट्याला तेल दिलं, गंज खरवडला,
"आता हा खरं बोलेल."
मग मंडळ आलं. आमचीच माणसं, आमच्याच बोलीत,
पैशाऐवजी चिठ्ठी द्यायची,
चिठ्ठीवर शिक्का, शिक्क्यावर सिंह.
एका साली मंडळच बुडालं.
चिठ्ठ्या राहिल्या. माझ्या बापाकडे एकतीस होत्या,
त्यातल्या दोन उंदराने खाल्ल्या.

मामा मरायला टेकला तेव्हा मला जवळ बोलावून म्हणाला,
"मीही काटा मारला.
फळीखाली पायाचा अंगठा. पोत्यामागे दोन किलो.
तुझ्या बापाच्यासुद्धा."
मी हसलो. मामाने बापाला मामा बनवलं, असं काहीतरी मनात आलं.
तो हसला नाही.
"वरचा साहेब खूश राहावा म्हणून," म्हणाला,
"आणि वरचा साहेब तेव्हा ङोर होता,
आपल्या विहिरीपलीकडचा ङोर."

चौऱ्याण्णवच्या जानेवारीत रेडिओ म्हणाला,
फ्रँक आजपासून निम्मा.
झोपताना जेवढे होते तेवढेच सकाळीही होते,
नोटांवरची चित्रंसुद्धा तीच.
दुकानदाराने पाटी पुसून ठेवली होती,
काय लिहावं त्यालाच कळेना.
तांदूळ बाहेरचा, त्याचा भाव चढला.
घाम इथला, तो होता तिथेच.
आई निम्मी पिशवी घेऊन आली
आणि परसातलं उखळ उलटं केलं.
आत कोंबडी अंड्यांवर बसली होती.
तिला उठवायला आईचं मन होईना,
म्हणून बाजरी शेजारणीकडे कांडून आणली.
आम्ही भावंडांनी एक घास घेतला
आणि नाकं मुरडली.
आई काही बोलली नाही.
ताट तिने एकटीने संपवलं.

आता शेंग चीनला जाते.
ट्रक थेट रानात येतात,
काटा विजेचा आहे, लाल आकडे लुकलुकतात.
तोलणारा पोरगा हसरा आहे, बूट घालतो.
तरी पोतं चढलं की मी खाली वाकतो,
फळीखाली बघतो.
काही नसतं. धूळ, एक शेंग, मुंग्या.
"उठ," आई म्हणते, "काय हरवलंय तुझं?
दुकान बंद होईल,
कण्या घ्यायच्यात."